गेम-कट्टा: एकशेनव्वद जीबीचा गेम पाचशे एमबीत मावतो का?

सुट्ट्या लागल्या की या सदराकडे एकाच छापाचे प्रश्न यायला लागतात. अमुक कन्सोलचा (प्लेस्टेशनसारख्या गेम खेळायच्या यंत्राचा) तमुक गेम पीसीसाठी 'हायली कंप्रेस्ड', म्हणजे दाबून अगदी लहान केलेला, मिळतोय, उतरवू का? या वेळी ढीग एवढा झालाय की राउटर, प्रिंटर वगैरे मंडळींना पुढच्या महिन्यावर ढकललंय आणि हाच विषय घेतलाय. नाव छापू नका असं बहुतेकांनी लिहिलंय, म्हणून नुसतं ठिकाण देतोय.

भांडुप, बारावीचा विद्यार्थी: दादा, माझ्याकडे सेकंडहँड लॅपटॉप आहे, आय-फाइव्ह, आठ जीबी रॅम, ग्राफिक्स कार्ड नाहीये. टेलिग्रामवर एका चॅनेलला 'गॉड ऑफ वॉर रॅग्नारोक पीएस५ व्हर्जन फॉर पीसी, ओन्ली ४८० एमबी' असं आलंय. खाली लोकांनी 'वर्किंग ब्रो', 'थँक्यू ब्रो' लिहिलंय. घरी वायफाय नाही, मोबाईलच्या हॉटस्पॉटवर दिवसाला दीड जीबी मिळतो, त्यामुळे ४८० एमबी मला परवडतं. चालेल का?

नाही चालणार. आणि हे तुझा लॅपटॉप बघून म्हणत नाहीये, तुझ्याकडे दोन लाखाचं मशीन असतं तरी हेच म्हटलं असतं. आधी आकडा बघ. हा गेम पीसीवर अधिकृतपणे १९ सप्टेंबर २०२४ ला आला आणि स्टीमवर, म्हणजे पीसी गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानात, कंपनीनेच लिहून ठेवलंय की जागा १९० जीबी लागेल. १९० जीबीचे ४८० एमबी म्हणजे जवळपास चारशेतला एक भाग. मग बाकीचे तीनशे नव्व्याण्णव भाग गेले कुठे?

झिप केलं की काहीही लहान होतं असं आपल्याला वाटतं, कारण आपण साध्या मजकुराच्या फाइली झिप केलेल्या असतात आणि त्या खरंच टाचणीएवढ्या होतात. पण कंप्रेशन करतं काय, तर जे परत परत येतं ते एकदाच लिहायचं आणि बाकी जागी 'वरच्यासारखंच' अशी खूण करायची, बस. मजकुरात असं परत परत येणारं भरपूर असतं. गेममध्ये जागा खातात ती टेक्स्चर (वस्तूंवर चढवलेली चित्रं), आवाज आणि व्हिडिओ, आणि ते सगळं बनवणाऱ्यांनी आधीच दाबून बसवलेलं असतं. पीएस५ मध्ये (प्लेस्टेशन ५ मध्ये) तर क्रॅकेन नावाच्या पद्धतीने दाबलेला डेटा उलगडायला वेगळं हार्डवेअरच टाकलंय. म्हणजे गेम आपल्या हातात येतो तोच सकाळी साडेआठच्या विरार फास्टसारखा, दारातला माणूससुद्धा एका पायावर, आणि वर आपण म्हणायचं अजून दाबा. कोणी मोठा हुशार प्रोग्रॅमर आला तरी यात फरक पडत नाही कारण काहीही न गमावता फाइल किती लहान करता येते याला तळ आहे, हे अमेरिकन गणितज्ञ क्लॉड शॅनन यांनी १९४८ मध्येच गणिताने दाखवून दिलंय.

आता तू म्हणशील की दादा, गेम लहान होतातच की, मी पाहिलंय. होतात ना. जे लोक चोरीचे गेम 'रीपॅक' करून सोडतात ते जास्तीच्या भाषांचे ऑडिओ वेगळे काढतात, मग उरलेलं तासन् तास दाबतात, आणि तरी शंभरचे पन्नास-साठ जीबी झाले तर लोक टाळ्या वाजवतात. दुसरा प्रकार रिप, त्यात व्हिडिओ उडवतात, गाणी उडवतात, मग जीटीए सॅन अँड्रियास या गेममध्ये गाडीत बसलास की रेडिओच वाजत नाही. ते कंप्रेशन नाहीच, ती कापाकापी आहे. आणि तिसरं म्हणजे डुप्लिकेट. याचं हल्लीचं मस्त उदाहरण हेलडायव्हर्स २, पीसीवर साधारण १५४ जीबी होता तो २०२५ च्या शेवटी त्याच्या बनवणाऱ्यांनीच २३ जीबीवर आणला. जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर पटकन सापडावं म्हणून एकच डेटा बऱ्याच ठिकाणी ठेवलेला होता, तो काढला. म्हणजे बघ, ज्यांच्याकडे गेमचा सगळा सोर्स आहे त्यांनी, एवढी दुर्मिळ संधी मिळून, सातातला एक भाग गाठला आणि त्याची जगभर बातमी झाली. टेलिग्रामवाला चारशेतला एक म्हणतोय.

शिवाय 'पीएस५ व्हर्जन फॉर पीसी' हे शब्दच फसवे आहेत. पीएस५ चे गेम चालवेल असा कामाचा एम्युलेटर (कन्सोलची नक्कल करणारं सॉफ्टवेअर) पीसीवर आज नाहीये. पीसीवर जो चालतो तो पीसीसाठी वेगळा बनवलेला गेम, आणि त्याला तुझ्या लॅपटॉपमध्ये नसलेलं ग्राफिक्स कार्ड लागतं. आणि ते 'वर्किंग ब्रो' तर सोडूनच दे, चॅनेल ज्याचं आहे तो स्वतःच दहा अकाउंटवरून तसं लिहू शकतो आणि ज्याचा गेम चालला नाही त्याची कमेंट उडवूही शकतो.

मग त्या ४८० एमबीत आहे काय? बऱ्याचदा काहीच नसतं, नुसता कचरा भरलेला असतो, आणि खरी कमाई त्याच्या आधी झालेली असते. पाच शॉर्ट लिंक ओलांडायच्या, 'ह्युमन व्हेरिफिकेशन' म्हणून दोन ॲप टाकायचे, कुठेतरी मोबाईल नंबर द्यायचा. तू जे ॲप टाकशील त्याचे पैसे त्याला मिळतात. हा त्यातल्या त्यात स्वस्तात सुटलेला प्रकार. यातच एक नवीन चाल आलीये ती नीट लक्षात ठेव: 'मी रोबोट नाही' वर टिक केलं की पडदा सांगतो विंडोजचं बटन आणि आर दाबा, मग कंट्रोल व्ही, मग एंटर. तुला वाटतं कॅप्चा आहे. प्रत्यक्षात टिक करताना त्यांनी एक कमांड तुझ्या क्लिपबोर्डवर कॉपी करून ठेवलेली असते आणि ती तू स्वतःच्या हाताने रन करतोस. कुठलाही खरा कॅप्चा विंडोजची बटनं दाबायला सांगत नाही, कधीच नाही.

कुर्ला, इंजिनिअरिंगचा विद्यार्थी: मी आरएआर फाइल डाउनलोड केली ती फक्त ९ एमबी होती पण उघडल्यावर आतला सेटअप ७२० एमबीचा निघाला. म्हणजे एवढं कंप्रेशन होऊ शकतं ना? तुम्ही लोक उगाच घाबरवता. पासवर्ड १२३४ दिलाय आणि सोबतच्या टेक्स्ट फाइलमध्ये लिहिलंय की अँटिव्हायरस बंद करा कारण क्रॅक (गेमचं कुलूप तोडणारी फाइल) 'फॉल्स पॉझिटिव्ह' दाखवतो. स्क्रीनशॉट जोडलाय. अजून रन केलेलं नाही.

रन केलं नाहीस हे फार बरं केलंस, आणि स्क्रीनशॉट पाठवलास त्याबद्दल खास आभार कारण यापेक्षा चांगला नमुना मला शोधूनही मिळाला नसता.

सेव्हन-झिपच्या खिडकीत दोन रकाने दिसतायत बघ, 'साइझ' आणि 'पॅक्ड साइझ'. सेटअपपुढे साइझ ७२० एमबी, पॅक्ड साइझ ९ एमबीच्या आत. ऐंशी पट. आता वरच्या भांडुपच्या मित्राला दिलेलं उत्तर वाच आणि सांग, खरा गेम डेटा ऐंशी पट दबेल का? नाही. मग दबतं काय एवढं? शून्यं. एकाच अक्षराची लांबच लांब रांग. '४२ डॉट झिप' नावाची एक जुनी कुप्रसिद्ध फाइल आहे, ४२ किलोबाइटची, ती आतून थरावर थर उलगडत गेली तर साडेचार पेटाबाइट होते, कारण आत पुनरावृत्तीशिवाय काहीच नाही. तुझ्या सेटअपमध्ये मूळ प्रोग्रॅम काही एमबीचा आणि त्याच्या शेपटीला सातशे एमबी शून्यं.

हा उद्योग कशाला करतात? कारण बरेच अँटिव्हायरस फार मोठ्या फाइली वेळ वाचवायला नीट तपासतच नाहीत आणि व्हायरसटोटल या फाइली तपासणाऱ्या साइटवर ६५० एमबीच्या वरची फाइल चढवता येत नाही. ७२० हा आकडा उगाच नाही आलेला. पासवर्डचंही तेच, पासवर्ड असला की डाउनलोड होताना ब्राउझरला किंवा ईमेलला आत डोकावता येत नाही. म्हणजे पासवर्ड तुझ्यासाठी नाहीये, १२३४ काय सुरक्षा आहे का? तो तपासणाऱ्याला बाहेर ठेवायला आहे. मग एकच तपासणारा उरतो, तुझ्या मशीनवरचा अँटिव्हायरस, तर तो तुझ्याच हाताने बंद करायला सांगतात. तिन्ही गोष्टी एकत्र दिसल्या की पुढे काही विचारू नकोस, शिफ्ट डिलीट.

'फॉल्स पॉझिटिव्ह', म्हणजे निरुपद्रवी फाइलवर खोटा आळ, म्हणशील तर क्रॅकच्या बाबतीत तसं होतं कधीकधी, हे खरंय. पण खरं कुठलं नि खोटं कुठलं हे तुला आणि मला बाहेरून सांगता येत नाही ना, गोची तिथेच आहे.

मुलुंड, एक आई: मुलगा दहावीत आहे. त्याने माझ्या लॅपटॉपवर कुठलासा स्पायडर-मॅन गेम टाकायचा प्रयत्न केला, सेटअप उघडला आणि लगेच बंद झाला, गेम काही आला नाही. दोन दिवसांनी माझ्या इन्स्टाग्रामवरून सगळ्या नातेवाईकांना पैसे मागणारे मेसेज गेले. माझा पासवर्ड कोणाला माहीत नाही, ओटीपी कोणाला दिलेला नाही, अँटिव्हायरसने स्कॅन केलं तर काही सापडत नाहीये. मिस्टर म्हणतात मुलगा खोटं बोलतोय. हे नक्की झालं कसं आणि आता काय करू?

ताई, मुलगा बहुतेक खरंच बोलतोय. सेटअप उघडला, बंद झाला, गेम आला नाही, हे वर्णन अगदी ओळखीचं आहे. याला इन्फोस्टीलर म्हणतात, चोरून नेणारा प्रोग्रॅम. त्याला कॉम्प्युटरमध्ये मुक्काम करायचा नसतो. आला की ब्राउझरमध्ये सेव्ह केलेले पासवर्ड, कुकीज, डिस्कॉर्ड-टेलिग्रामची लॉगिनं गोळा करतो, पाठवून देतो आणि बऱ्याचदा स्वतःला पुसून टाकतो, हे सगळं मिनिटाभरात. म्हणून नंतर स्कॅन केलं की काही मिळत नाही. चोर घरात नाही याचा अर्थ चोरी झाली नाही असा होत नाही ना.

ओटीपी न देता कसं शिरले, तर कुकीमुळे. तुम्ही एकदा लॉगिन केलं की ब्राउझरकडे एक खूण राहते की ही बाई ओळखीची आहे, तिला परत विचारू नका. म्हणून तर तुम्हाला रोज पासवर्ड टाकावा लागत नाही. ती खूणच उचलून दुसऱ्या कॉम्प्युटरवर लावली की इन्स्टाग्रामला वाटतं तुम्हीच आलात. पासवर्ड नको, ओटीपी नको.

आता करायचं ते या क्रमाने करा कारण क्रम चुकला की मेहनत वाया जाते. तो लॅपटॉप नेटपासून तोडा आणि त्यावरून एकही पासवर्ड बदलू नका, बहुतेक जण इथेच चुकतात, नवीन पासवर्डसुद्धा त्याच मशीनवरून टाकतात. तुमचा किंवा मिस्टरांचा फोन घ्या. सगळ्यात आधी गुगल अकाउंट, कारण बाकी सगळ्याच्या चाव्या ईमेलमध्ये. पासवर्ड बदला, मग सिक्युरिटीमध्ये जाऊन 'युअर डिव्हायसेस' बघा आणि सगळीकडून साइन आउट करा. नुसता पासवर्ड बदलून चोरलेली कुकी मरेलच असं नाही, साइन आउट महत्त्वाचं. रिकव्हरी नंबर आणि रिकव्हरी ईमेल तुमचेच आहेत ना ते बघा, चोर तिथे स्वतःचा घालून ठेवतात आणि महिन्याने परत येतात. जीमेलमध्ये फॉरवर्डिंग चालू केलेलं नाही ना हेही. मग इन्स्टाग्राम, फेसबुक, व्हॉट्सॲपमध्ये 'लिंक्ड डिव्हायसेस'. मग नेटबँकिंग आणि जिथे जिथे कार्ड सेव्ह आहे ती शॉपिंगची ॲप. सगळीकडे टू-स्टेप चालू करा.

कोणा नातेवाईकाने पैसे पाठवले असतील तर त्यांना लगेच १९३० वर फोन करायला सांगा. हा सायबर फसवणुकीचा राष्ट्रीय हेल्पलाइन नंबर आहे, जितकं लवकर कराल तितकी पैसे पुढे सरकायच्या आत अडवायची शक्यता जास्त. सायबरक्राईम डॉट जीओव्ही डॉट इन वर तक्रार टाका, पोचपावतीचा नंबर जपून ठेवा. नातेवाईकांच्या ग्रुपवर स्वतःच्या आवाजात व्हॉइस मेसेज टाका की ते मेसेज माझे नव्हते, लिहिलेल्यावर आता कोणी विश्वास ठेवत नाही.

लॅपटॉपचं म्हणाल तर मी विंडोज नव्याने टाकायला सांगेन. दुसऱ्या कॉम्प्युटरवर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून पेनड्राइव्ह बनवून, डिस्क पुसून. फोटो, पीडीएफ काढून घ्या, पण कुठलीही सेटअप फाइल किंवा तो गेमचा फोल्डर नका घेऊ. आणि हे सगळं होईपर्यंत मुलावर आवाज चढवू नका, कारण फाइल कुठून आली, कधी उघडली, त्याच दिवशी आणखी कुठे लॉगिन होतं, हे फक्त त्यालाच माहितीये. घाबरला तर अर्धं लपवेल.

त्याला खरंच तो गेम हवा असेल तर स्पायडर-मॅन रीमास्टर्ड ऑगस्ट २०२२ पासून पीसीवर रीतसर आहे, सेलमध्ये बराच खाली येतो. बक्षीस म्हणून नाही सांगत हं, पर्याय म्हणून सांगतोय.

घाटकोपर, कॉम्प्युटर रिपेअरिंगचं दुकान: साहेब, सुट्टीत पोरांचे पीसी येतात, तक्रार एकच, काही चालू नसताना पंखा रॉकेटसारखा, पण मी टास्क मॅनेजर उघडला की पंखा एकदम शांत, सीपीयू तीन टक्के. कस्टमरला वाटतं मी येडा आहे. दुसरं असं की गिऱ्हाईक सांगतात शंभर-दोनशे घ्या आणि गेम टाकून द्या, लॅमिंग्टन रोडला देतात म्हणे. त्यात काही लफडं आहे का?

पहिल्या भागाचं आधी. तुम्ही येडे नाही, प्रोग्रॅम शहाणा आहे. हे क्रिप्टो मायनर असतात, दुसऱ्याच्या मशीनवर गुपचूप डिजिटल चलन कमावणारे प्रोग्रॅम, कॉम्प्युटर तुमच्या गिऱ्हाइकाचा, लाइटबिल त्याच्या बापाचं, आणि मोनेरो नावाचं चलन तिसऱ्याच्याच खिशात. यातले काही टास्क मॅनेजर उघडलाय का ते सतत बघत असतात आणि उघडला की स्वतः थांबतात. २०२४ च्या ३१ डिसेंबरला, लोक सुट्टीवर असताना, अशी एक मोहीम सुरू झाली होती, कॅस्परस्की या अँटिव्हायरस कंपनीने तिला स्टारीडोब्री नाव दिलं. बीमएनजी ड्राइव्ह, गॅरीज मॉड, युनिव्हर्स सँडबॉक्स असल्या गेमच्या क्रॅक केलेल्या सेटअपमध्ये मायनर होता, सेटअप सप्टेंबरपासूनच टोरेंटवर आणून ठेवलेले. गंमत बघा, आठपेक्षा कमी कोअरचा प्रोसेसर असेल तर तो मायनर सुरूच होत नव्हता, गरीब मशीन त्यांनाही नको.

त्याच्या आधीचा क्रॅकोनॉश नावाचा मायनर तर जास्त बेरकी. अवास्ट या अँटिव्हायरस कंपनीने जून २०२१ मध्ये त्याचा रिपोर्ट काढला, जीटीए ५, एनबीए २के१९, सिम्स ४ यांच्या क्रॅक कॉपीतून पसरलेला, दोन लाख बावीस हजारांहून जास्त कॉम्प्युटर, जवळपास वीस लाख डॉलरचं मोनेरो, आणि भारत त्या यादीत वरच्या देशांमध्ये. तो मशीन सेफ मोडमध्ये सुरू करायचा कारण तिथे अँटिव्हायरस चालत नाही, मग विंडोज डिफेंडर काढून टाकायचा, अपडेट बंद करायचा आणि खाली घड्याळाशेजारी हिरवी टिक असलेला खोटा आयकॉन ठेवायचा, सगळं ठीक आहे म्हणून! तेव्हा असा पीसी आला की त्याच्यावरच्या हिरव्या टिकेवर जाऊ नका. विंडोज अपडेट चालतंय का, डिफेंडर खरंच उघडतोय का ते बघा. डिफेंडर ऑफलाइन स्कॅन किंवा बाहेरच्या पेनड्राइव्हवरून बूट करून स्कॅन करा. पंख्याचं म्हणाल तर टास्क मॅनेजर बंद ठेवून नुसतं तापमान बघणारं छोटं सॉफ्टवेअर चालू ठेवा, चित्र लगेच कळतं.

आणि एखाद्या मशीनवर सगळ्या फोटोंच्या नावापुढे भलतीच शेपटी आणि प्रत्येक फोल्डरमध्ये 'रीडमी' नावाची चिठ्ठी दिसली, ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिलेत तर ४९०, तर ते स्टॉप उर्फ डीजेव्हीयू रॅन्समवेअर (फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा प्रोग्रॅम) समजा. हेही क्रॅकमधूनच येतं. लगेच फॉरमॅट मारू नका, डिस्कची कॉपी काढून ठेवा. एम्सिसॉफ्टचं फुकट डिक्रिप्टर, म्हणजे ते कुलूप उघडणारं सॉफ्टवेअर, काही प्रकारांवर चालतं, सगळ्यांवर नाही.

दुसऱ्या भागाचं उत्तर, हो, लफडं आहे. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ६३, पायरसीला सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड. घरी जाणूनबुजून वापरणाऱ्यालाही कलम ६३ ब आहे, पण तिथे धंद्यासाठी नसेल तर कोर्ट कैद न देता नुसत्या दंडावर सोडू शकतं. तुम्ही दोनशे रुपये घेतले की तो धंदा झाला. आणि कायदा बाजूला ठेवा, त्याच गेमने पीसी बसला की गिऱ्हाईक भांडायला तुमच्याकडेच येणार आहे, टेलिग्रामवाल्याकडे नाही.

बोरिवली: रीपॅक इन्स्टॉल करताना ऐंशी टक्क्यांवर 'आयएसडन डीएलएल' एरर येतो, अनआर्क काहीतरी. काय करू?

दाबलेली फाइल उलगडताना तुटली एवढाच त्याचा अर्थ. डाउनलोड अर्धवट झालंय, डिस्क भरलीये, रॅम कमी पडली किंवा रॅमच खराब आहे. शेवटचं तपासून घे, ते गेमपलीकडचं दुखणं आहे. पण त्या एररवर उपाय म्हणून 'ही डीएलएल डाउनलोड करा' सांगणारी जी पानं सापडतात तिथून काही उचलू नकोस. चोरीच्या मालाची गॅरंटी मी काढून देणार नाही, सॉरी.

लालबाग, नोकरदार: कॉलेजात असताना घेतलेला पीएस२ अजून आहे, गॉड ऑफ वॉर २ आणि सॅन अँड्रियासच्या ओरिजिनल डिस्क पण आहेत. डिस्क वाचणारी लेन्स गेली आहे. पीसीवर खेळायचं म्हटलं तर सगळीकडे '२०० एमबी हायली कंप्रेस्ड आयएसओ' दिसतं. डिस्क माझ्याकडे असताना डाउनलोड केलं तर चालतं का?

तुमच्यासारख्यांना २०० एमबीची गरजच नाही, घरात खरा माल पडलाय. गॉड ऑफ वॉर २ साध्या डीव्हीडीत मावला नाही म्हणून तो साडेआठ जीबीच्या ड्युअल लेयर डिस्कवर काढावा लागला होता, त्याचे २०० एमबी म्हणजे काय असेल ते आता तुम्हाला सांगायला नको.

पीसीला साधा डीव्हीडी ड्राइव्ह लावा, बाहेरून यूएसबीने लागणारा चालतो, पीएस२ ची डीव्हीडी त्यात वाचता येते. इमेजबर्नसारख्या सॉफ्टवेअरने तिची आयएसओ, म्हणजे अख्ख्या डिस्कची एक फाइल, काढा. पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर फुकट आहे, त्याच्या अधिकृत साइटवरूनच घ्या, गुगलवर वर दिसणाऱ्या जाहिरातीवरून नको. त्याला पीएस२ ची बायोस (कन्सोल सुरू करणारा आतला प्रोग्रॅम) लागते, ती सोनीची मालमत्ता आहे, त्यामुळे स्वतःच्याच कन्सोलमधून काढायची असं एम्युलेटरवाले पण सांगतात. लेन्स गेली असली तरी तुमचा कन्सोल सुरू होतोय ना, मग बायोस निघते, थोडी खटपट आहे एवढंच.

आणि कंप्रेशन हवंच असेल तर प्रामाणिक कंप्रेशन आहे की. सीएचडी नावाचा फॉरमॅट, मूळ मेम या जुने आर्केड गेम चालवणाऱ्या प्रकल्पातला, सीएचडीमॅन या टूलने आयएसओचा सीएचडी करता येतो आणि पीसीएसएक्स२ तो सरळ चालवतो. एक बाइटही हरवत नाही, पाहिजे तेव्हा परत जशीच्या तशी आयएसओ. डिस्क भरायला रिकामी जागा किंवा भरताड टाकलेल्या गेममध्ये खूप वाचतं, गच्च भरलेल्यात कमी. गेमप्रमाणे बदलतं आणि हेच खऱ्या कंप्रेशनचं लक्षण, सगळे गेम २०० एमबी असं ते कधी सांगणार नाही.

कायद्याचं विचारलंत तर कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये ज्याच्याकडे प्रोग्रॅमची कायदेशीर प्रत आहे त्याला ती हरवू-बिघडू नये म्हणून बॅकअप करायची मुभा आहे. म्हणजे तुमच्या डिस्कची तुम्ही केलेली प्रत. दुसऱ्याने चढवलेली प्रत उतरवायची मुभा त्यात लिहिलेली नाही.

विक्रोळी, आठवी: दादा मोबाईलवर पीपीएसएसपीपीसाठी जीटीए ५ ची ३०० एमबी आयएसओ कुठली खरी आहे? चार ट्राय केल्या, एक पण नाही चालली.

पाचवी पण नाही चालणार बाळा. पीपीएसएसपीपी फक्त पीएसपीचे, म्हणजे सोनीच्या जुन्या हातातल्या कन्सोलचे, गेम चालवतं, आणि जीटीए ५ पीएसपीवर कधी आलाच नाही. पीएसपीवर लिबर्टी सिटी स्टोरीज, व्हाइस सिटी स्टोरीज आणि चायनाटाउन वॉर्स एवढेच आले. सॅन अँड्रियास पण नाही. कोणीतरी जुन्या गेमला नवीन चित्र चिकटवतं, नाहीतर आत काहीच नसतं. आणि त्यासोबत कुठलं ॲप टाकायला लावलं असेल तर आत्ता उठ आणि आईला किंवा ताईला दाखवून ते काढ.

चेंबूर: तुमचं सगळं बरोबर आहे पण चार हजाराचा गेम घ्यायला आम्ही काय अंबानी आहोत? पायरसी वाईट म्हणायला सोपं आहे.

वाईट म्हटलंच नाही मी, धोक्याची म्हटलं, आणि चार हजार जास्तच आहेत, त्यात दुमत नाही. नव्या गेमच्या किमती आपल्या पगारांकडे बघून ठरत नाहीत. पण पहिल्या दिवशीच खेळायचा हट्ट सोडला तर चित्र बरंच बदलतं. गॉड ऑफ वॉरचा आधीचा भाग पीसीवर जानेवारी २०२२ ला आला, पीसीवर येऊन एवढी वर्षं झालेले गेम सेलमध्ये अर्ध्याच्याही खाली जातात. स्टीमवर विशलिस्टमध्ये टाकून ठेवा, किंमत उतरली की ईमेल येतो, यूपीआयने पैसे भरता येतात. घेतला आणि लॅपटॉप ओढत नाहीये असं दिसलं तर चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असाल तर पैसे परत, हे तर पायरेटेडवाला कधीच देत नाही. एपिक स्टोअर दर आठवड्याला काही ना काही फुकट देतं, मे २०२० मध्ये चक्क जीटीए ५ दिला होता. फक्त अकाउंट काढा आणि गुरुवारी रात्री बघायची सवय लावा.

भांडुपच्या मित्रा, तू पण ऐक. ग्राफिक्स कार्ड नसलेल्या लॅपटॉपवर दहा-पंधरा वर्षांपूर्वीचे गेम झकास चालतात, जीओजी या ऑनलाइन दुकानात ते सेलमध्ये स्वस्तात मिळतात, त्यात कसलं लॉकही नसतं आणि बरेचसे पाच-सात जीबीच्या आत असतात. दीड जीबीच्या हॉटस्पॉटवर चार-पाच दिवस लागतील. नाहीतर कॉलेजच्या मित्राकडे वायफाय असेल तर रविवारी लॅपटॉप उचल आणि त्याच्याकडे जा.